गम्बो शिकायचाय: न्यू ऑर्लिन्सच्या पाकशाळेत की लाफायेटच्या घरात?

ह्यूस्टनहून आय-१० महामार्ग धरून पूर्वेला निघालं की साडेतीन तासांत लुइझियाना राज्यातलं लाफायेट लागतं आणि तिथून आणखी सव्वादोन तासांवर न्यू ऑर्लिन्स. बहुतेक मराठी मंडळी लाफायेटला गॅस भरतात, पाय मोकळे करतात आणि पुढे सुटतात. मीही दोन खेपा तेच केलं. पहिल्या खेपेला न्यू ऑर्लिन्सच्या एका पाकशाळेत गम्बोचा, म्हणजे भातावर खायच्या तिथल्या दाट रश्श्याचा, सकाळचा वर्ग केला, छापील कृती घेऊन घरी आले आणि पुढच्याच रविवारी चार पाहुण्यांना करपट, पातळ पाणी वाढलं. दोष माझ्या हाताचा होता. पण त्या हाताला वर्गात काही कामच मिळालं नव्हतं, हेही खरं. तिसऱ्या खेपेला लाफायेटजवळ एका बाईंच्या स्वयंपाकघरात दिवस काढला. तेव्हापासून ओळखीतलं कुणी लुइझियानाला निघालं की प्रश्न माझ्याकडे येतो, शिकायचं तर कुठे?

आधी केजन म्हणजे कोण ते बघू

लुइझियानात स्वयंपाकाच्या दोन परंपरा, केजन आणि क्रिओल, आणि गम्बो दोन्हींत होतो. न्यू ऑर्लिन्स हे केजन शहर नाही, क्रिओल आहे. बंदराचं शहर, त्यामुळे फ्रेंच, स्पॅनिश, आफ्रिकन, इटालियन असे सगळे हात त्या स्वयंपाकाला लागलेत. लोणी, साय, टोमॅटो यांची चंगळ. केजन मंडळी वेगळी. आजच्या कॅनडातल्या नोव्हा स्कोशियाच्या भागात, म्हणजे तेव्हाच्या अकेडियात, राहणाऱ्या फ्रेंच शेतकऱ्यांना इंग्रजांनी १७५५ पासून घराबाहेर काढलं. त्यातले काही दहाएक वर्षांनी लुइझियानात पोचले आणि बायू टेश या संथ प्रवाहाच्या काठाने, पुढे पश्चिमेच्या गवताळ माळावर वसले. अकादियँचं झालं कादियँ आणि इंग्रजांच्या तोंडी केजन. लुइझियानात काउंटीला पॅरिश म्हणतात. अशा २२ पॅरिशना १९७१ मध्ये अकेडियाना हे अधिकृत नाव मिळालं. न्यू ऑर्लिन्स त्यात येत नाही.

फरक ताटात दिसतो. शहरातला जांबलाया (मांस घातलेला तिथला मसालेभात) टोमॅटोने लाल, गावाकडचा तपकिरी. तो तपकिरी रंग येतो मांस परतताना भांड्याला धरलेल्या खरवडीतून.

आणि हो, केजन म्हणजे जाळ तिखट, हा समज सोडून या. आपल्याकडे लाल तवंग दिसला की हॉटेलवाले त्याला कोल्हापुरी म्हणतात, तसाच हा प्रकार. ओपेलुसास गावात जन्मलेल्या पॉल प्रुडोम यांनी १९७९ मध्ये न्यू ऑर्लिन्समध्ये रेस्टॉरंट काढलं. मसाला फासून तापल्या तव्यावर काळा केलेला त्यांचा मासा अमेरिकाभर गाजला आणि जगाला तेच केजन वाटू लागलं. ती एका कल्पक शेफची करामत, आजीच्या चुलीवरची रीत नव्हे. लवंगी मिरचीवर वाढलेल्याला घरचं केजन जेवण सौम्यच लागेल.

पाकशाळा

न्यू ऑर्लिन्समध्ये जे सर्वात सोपं मिळतं ते प्रात्यक्षिक. लांब टेबलं, समोर शेगडी, वर आरसा किंवा कॅमेरा. दोन-अडीच तासांत गम्बो, जांबलाया, ब्रेड पुडिंग, प्रालीन मिठाई असे तीन-चार पदार्थ होतात. शिकवणारा बहुधा फर्डा बोलणारा असतो. शेवटी तेच पोटभर जेवायला मिळतं. फ्रेंच क्वार्टरमध्ये उतरला असाल तर गाडी नको, हॉटेलातून चालत जाता येतं. खर्चही सर्वात कमी. स्वतः करायला लावणारे छोट्या गटाचे वर्गही आहेत, पण त्यांचा दर बराच चढा.

माझे सासू-सासरे पुण्याहून आले तेव्हा मी त्यांना इथेच घेऊन गेले, आणि तो निर्णय बरोबर होता. बसायला खुर्ची, ठरलेली वेळ, गप्पा. सासूबाईंनी ‘हे म्हणजे आपलं पिठलंच की’ असा शेरा मारून सगळं संपवलं.

अडचण एकच, आणि ती छोटी नाही. मोठ्या आचेवर सराईत हात दहा-बारा मिनिटांत रू, म्हणजे गम्बोचा तेलात भाजलेल्या पिठाचा पाया, करून मोकळा होतो. तुम्ही चौथ्या रांगेतून फक्त रंग बघता. वास तिथवर येत नाही. आणि रू शिकायचा असतो तो नाकाने.

घर

रू म्हणजे सारख्या मापाने तेल आणि मैदा, ढवळत ढवळत भाजलेला. मराठी घरातल्या कुणालाही हे सांगायला नको, बेसनाचे लाडू केलेत ना? पण लाडवाचं बेसन खमंग वास सुटला, रंग बदलला की आपण उतरवतो. केजन रू तिथून पुढे चालू होतो. शेंगदाण्याच्या कुटाचा रंग, मग तांब्याच्या नाण्याचा, मग चॉकलेटचा. मंद आचेवर पाऊण तास, आणि बिडाच्या भांड्यापासून हलायचं नाही. फोन वाजला तर वाजू दे.

आमच्या यजमानीण बाईंनी माझ्या हातात चपट्या टोकाचा लाकडी चमचा दिला आणि त्या शेजारी कांदा चिरत बसल्या. तिकडे वडीलधाऱ्या बाईला नावाआधी ‘मिस’ लावून हाक मारतात, आपल्या मावशी-काकूसारखं, आणि त्या आपल्याला ‘शा’ म्हणतात. शा म्हणजे फ्रेंचमधलं प्रिय, जवळजवळ आपलं ‘बाळा’. ‘शा, कोपऱ्यात बघ.’ मी बघेपर्यंत कोपऱ्यातलं पीठ धरायला लागलेलं. काळे ठिपके दिसले की फेकायचं आणि पहिल्यापासून सुरू करायचं, तडजोड नाही. माझा पहिला घाणा त्यांनी खरंच टाकायला लावला. माझ्या रविवारच्या गम्बोचं काय चुकलं होतं ते तिथे, सिंकपाशी उभं राहून कळलं. पाहुण्यांसाठी घाईने आच वाढवून मी ठिपके पाडले होते आणि तसंच पुढे रेटलं होतं. शिवाय रू जितका गडद, तितका त्यातल्या पिठाचा घट्टपणा कमी होतो. काळसर गम्बोला जास्त रू लागतो. छापील कृतीत मापं होती, हे नव्हतं.

रंग आला की कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची एकदम आत. या तिघांना ते पवित्र त्रयी म्हणतात, लसणाला गमतीने पोप. कॅथलिक लोक, त्यामुळे विनोदही देवळातलेच. त्रयी पडल्यावर चर्रकन आवाज होतो, भांड्याची उष्णता उतरते आणि रंग तिथेच थांबतो. त्या क्षणी रू अंगावर उडाला तर चटका नुसत्या तेलापेक्षा वाईट, कारण तो चिकटून राहतो. लहान मुलं बरोबर असतील तर घरगुती वर्गाचा विचार करताना हे लक्षात ठेवा.

भेंडीचं मला सर्वात कौतुक वाटलं. गम्बो हा शब्दच भेंडीच्या आफ्रिकन नावावरून आला असं सर्वसाधारणपणे मानतात. गुलाम म्हणून आणलेल्या माणसांबरोबर ती इथे पोचली. दाटपणासाठी एकतर भेंडी, नाहीतर फिले, म्हणजे सॅसाफ्रास झाडाच्या पानांची पूड, जी चॉक्टॉ या मूळ रहिवाशांकडून आली. फिले आच बंद केल्यावर घालतात, उकळली तर तार सुटते. भेंडी मात्र तेलात खूप वेळ परतून तिची तार मारतात. आपण आमसूल किंवा ताक घालून हेच करतो, असं मी म्हटल्यावर बाईंनी आमसूल म्हणजे काय ते लिहून घेतलं. पाकशाळेत चौथ्या रांगेतून ही देवघेव होत नाही.

घरी आणखी एक मिळतं, रोजचं जेवण. राइस अँड ग्रेव्ही हे तिथलं वरणभात. मांस भांड्याला चिकटेपर्यंत लाल करायचं, पाणी घालून खरवड सोडवायची, कांदा, आणि मग मंद आचेवर विसरून जायचं. रूसुद्धा नाही. बघणाऱ्याला त्यात तमाशा नाही, म्हणून वर्गांच्या यादीत ते क्वचित असतं. आणि गम्बोच्या वाटीत भाताऐवजी बटाट्याचं थंड सॅलड घालून खाणारी घरं आहेत, हे मी डोळ्यांनी पाहिलं नसतं तर मानलं नसतं. (चांगलं लागतं.)

आता तोट्यांकडे. गाडीशिवाय घर गाठणं कठीण. अर्धा दिवस हमखास जातो. स्वयंपाकघरात कुत्रा असू शकतो. मापं ‘अंदाजे’ असतात, तेव्हा वहीत ग्रॅम लिहिणाऱ्याचा जीव कासावीस होतो. बहुतेक ठिकाणी किमान दोन माणसं लागतात, एकट्याला दर जड पडतो. आणि तुम्ही शिकता ती एका घराची रीत. पलीकडच्या गल्लीतली बाई नेमकं उलट सांगेल. यजमान कृष्णवर्णीय क्रिओल निघाले तर आपण चुकीच्या घरी आलो असं समजू नका. त्या माळावर दोन्ही समाज पिढ्यान्‌पिढ्या शेजारी राहिलेत, चूल बरीचशी एकच आहे.

शाकाहारी असाल तर

इथे मला दोन्हीपैकी घराकडे झुकावं लागतं, पण अटीवर. प्रात्यक्षिकाचा बेत ठरलेला असतो, तुमच्यासाठी बदलत नाही. घरी आठ दिवस आधी सांगितलं तर भेंडीचा गम्बो, मका शिजवून केलेला माक शू, मांसाविना लाल राजमा-भात असा बेत जमू शकतो. रू मुळात तेल-पिठाचाच. मात्र ‘व्हेजिटेरियन’ एवढा शब्द पुरत नाही. डुकराची चरबी, चिकनचं पाणी, कोलंबीचं पाणी नको, असं एकेक नाव घेऊन सांगा. फक्त बीफ वर्ज्य असेल तर काम सोपं आहे, कारण आंदुई आणि बुदां ही दोन्ही सॉसेजं परंपरेने डुकराची.

ईस्टरआधीच्या उपासाच्या काळात शुक्रवारी कॅथलिक घरी मांस होत नाही, मासे-कोलंबी चालते. आपला श्रावण, पण मासळीला सूट असलेला. मासे खाणाऱ्या कोकणी माणसाने हाच काळ साधावा.

कधी जायचं

पाकशाळा बाराही महिने तेच शिकवते. घर ऋतूवर चालतं. गम्बो थंडीचा पदार्थ. जुलैत मागितलात तर करतील, पण हसतील. क्रॉफिश, म्हणजे शेवंडाचं बोटभर लांबीचं भावंड, साधारण जानेवारी ते जूनपर्यंत, त्यातही मार्च ते मे भरात. भाताची कापणी झाली की त्याच खाचरांत पाणी भरून ती वाढवतात. २०२३ च्या उन्हाळ्यात कडक दुष्काळ पडला आणि २०२४ च्या हंगामात क्रॉफिशचे भाव आभाळाला भिडले, तेव्हा जायच्या आधी त्या वर्षीचं पीक कसं आहे ते विचारा. लाफायेटजवळच्या ब्रो ब्रिज गावाला १९५९ पासून जगाची क्रॉफिश राजधानी म्हणून मान आहे. त्या परिसरात ताज्या क्रॉफिशचा एटूफे, म्हणजे भातावरचा दाट रस्सा, शिकणं आणि शहरात गोठवलेल्या पाकिटातून शिकणं यांत डोक्यातल्या पिवळ्या गराचा फरक आहे, आणि चव तिथेच असते.

फेब्रुवारीत, कधी मार्चच्या सुरुवातीला, मार्दी ग्रा हा उपासाच्या काळाआधीचा सण येतो; तेव्हा गेलात तर तोही बघा, पण शहरातला नव्हे. ममू आणि युनिस गावांत चित्रविचित्र मुखवटे घालून मंडळी घरोघर गम्बोचं सामान मागत हिंडतात, जिवंत कोंबडीमागे धावतात. शिमग्यात पोस्त मागत फिरलेल्या माणसाला दुभाषी लागणार नाही.

मग कुणी काय घ्यावं

हातात एकच सकाळ असेल, गाडी नसेल, बरोबर वयस्क किंवा लहान मुलं असतील, किंवा खरं तर खायचंच असेल आणि शिकणं निमित्त असेल, तर पाकशाळा. पैसे वसूल होतात. महिन्यातून एकदा तरी घरी गम्बो करणार असाल तर लाफायेटला एक रात्र मुक्काम ठेवा. दोन्ही करायचं असेल तर आधी घर, मग शहर. उलट क्रमाने मी केलं, आणि पाहुण्यांनी भोगलं.

घाबरूही नका. आमच्या बाईंच्या कपाटात दुकानातल्या तयार रूची बाटली होती. कामाच्या दिवशी त्या तीच वापरतात, असं त्यांनी न लाजता सांगितलं.

घरगुती वर्ग ठरवताना नीट विचारून घ्या: स्वयंपाक खरंच राहत्या घरात होणार का, किती जण असतील, क्रॉफिश ताजी की बाहेरून आयात केलेली, रद्द झालं तर पैसे परत का. आणि सर्वात आधी, रू कोण ढवळणार? ‘मी करून दाखवते’ असं उत्तर आलं तर तो वर्ग न्यू ऑर्लिन्समध्ये स्वस्तात मिळतो.