दोन ‘मी’ की दुहेरी ओळख? नाशिकला कोणती मांडणी लागू पडते

संस्कृती माणसाचं मन कसं घडवते, हे सांगणाऱ्या दोन मांडण्या मला नाशिकवर ताडून बघाव्याशा वाटतात.

पहिली हेझल मार्कस आणि शिनोबू कितायामा या मानसशास्त्रज्ञांची, १९९१ची. अमेरिकेसारख्या समाजात ‘मी’ स्वतंत्र असतो, जपानसारख्या समाजात तो नात्यांतून घडतो. विचार, भावना, प्रेरणा सगळ्यांवर त्याची छाप पडते. मांडणी स्वच्छ आहे. ‘आपल्या घरात असं चालत नाही’ हे पंचवटीतल्या जुन्या वाड्यांत मुरलेलं वाक्य तिच्यामुळे लगेच कळतं.

दुसरी मानसशास्त्रज्ञ जेफ्री आर्नेट यांची, २००२ची. जागतिकीकरणात तरुणांची ओळख दुहेरी होते, एक स्थानिक, एक जगाशी जोडलेली. दोन्ही सांधता आल्या नाहीत की गोंधळ होतो.

आता निफाड-दिंडोरीचा द्राक्ष बागायतदार घ्या. युरोपला माल पाठवायचा तर मण्याचा आकार, फवारणीच्या नोंदी, औषधांच्या अंशाची तपासणी या सगळ्यात तिकडच्या ग्राहकाच्या अपेक्षा रोज त्याच्या डोक्यात असतात. तोच माणूस जमिनीचा किंवा मुलीच्या लग्नाचा निर्णय भावकीला विचारल्याशिवाय घेत नाही. पहिली मांडणी त्याला नात्यांतल्या ‘मी’च्या खान्यात टाकते आणि बागेतला व्यवहारी माणूस निसटतो. दुसरीत तो अख्खा दिसतो, म्हणून मला ती जवळची वाटते. मात्र आर्नेट यांचा भर किशोर आणि तरुणांवर आहे; हा बागायतदार पन्नाशीचा आहे, आणि त्याची सांधेजोड अजून चालूच आहे.