निळा दिवा लागला आणि मी फसलो

डाफ्ट पंक या फ्रेंच संगीतकार जोडीचा 'होमवर्क' हा अल्बम १९९७चा. कॉलेजात असताना घेतलेली त्याची सीडी अजून माझ्या कपाटात आहे. तरीही एका ग्रुपवर 'होमवर्क, थेट मास्टर टेपवरून, २४ बिट, १९२ किलोहर्ट्झ' अशी, म्हणजे सीडीपेक्षाही बारकाईने नोंदवलेल्या आवाजाची, जाहिरात दिसली आणि राहवलं नाही. दीड हजार रुपये यूपीआयने पाठवले. बिल मागितलं नाही, हा माल तुझ्याकडे आला कुठून हेही विचारलं नाही.

अडीच जीबीच्या फाइली उतरवल्या. १९२ची फाइल लावली की माझ्या डॅकवर (फाइलमधले आकडे आवाजात बदलणारं यंत्र) निळा दिवा लागतो, तो लागला. मग काय! 'अराउंड द वर्ल्ड'चा बेस लगेच जास्त खोल वाटू लागला. बायकोला हेडफोन दिले. ती म्हणाली, "तेच तर आहे." मी तिच्या कानांना नावं ठेवली.

आठवड्याने भाच्याने त्या फाइली स्पेक नावाच्या फुकट प्रोग्रॅममध्ये उघडल्या. त्यात आवाजाचा आलेख रंगांत दिसतो, खालचे सूर खाली, वरचे वर. १६ हजार हर्ट्झपर्यंत रंग, आणि वर विळीवर कापल्यासारखा सगळा काळोख. १२८ केबीपीएसच्या, म्हणजे जागा वाचवायला आवाज छाटलेल्या, एमपीथ्रीत सर्रास दिसते तीच रेघ. माझ्या सीडीवरचं तेच गाणं त्याच्या बरंच वर गेलेलं होतं. म्हणजे कुठलीतरी जुनी एमपीथ्री फ्लॅक या फाइल-प्रकाराच्या मोठ्या डब्यात भरून मला विकली होती. फ्लॅक असलेला आवाज जपतो, एकदा छाटलेला परत आणत नाही. आणि डॅकचा दिवा फाइलवरचा आकडा वाचतो, आत काय आहे ते त्याला कळत नाही.

गंमत म्हणजे याच अल्बममधल्या 'रेव्होल्यूशन ९०९'च्या नावात जे रोलँडचं टीआर-९०९ ड्रम मशीन आहे, त्यातले हाय-हॅटचे (ड्रमच्या जोडझांजांचे) आवाज मुळात ६ बिटांत साठवलेले. आणि मी २४ बिटांसाठी पैसे मोजत होतो!

विक्रेत्याला आलेख पाठवला. उत्तर आलं, "साहेब, तुमचे हेडफोन कमी पडतात." चोराच्या उलट्या बोंबा. पुढच्या मेसेजला ब्लॉक.

कुणी असं काही विकत असेल तर आधी एक पूर्ण गाणं मागा आणि आलेख बघा. रेघ २२ हजारांवर सरळ कापलेली दिसली, तर बहुधा साधी सीडीच फुगवलेली असते. देत नसेल तर सोडून द्या. पैसे गेलेच असतील तर सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर लगेच फोन करा. मी भांडण्यात चार दिवस घालवून मग केला. पैसे अजून आलेले नाहीत. तीच जाहिरात मात्र परवा दुसऱ्या नंबरवरून पुन्हा आली, आता दोन हजारांना.