टॉर्टिया प्रेसवर तमाले: काही महिन्यांच्या वापरानंतर

टेक्सासमधल्या सॅन अँटोनिओत नाताळ जवळ आला की घरोघरी तमालादा, म्हणजे तमाले बनवायच्या बैठका, सुरू होतात. तमाले म्हणजे मक्याच्या पिठात सारण भरून, पानात गुंडाळून उकडलेला मेक्सिकन पदार्थ. सगळं गणगोत एका टेबलाभोवती बसतं आणि डझनांच्या हिशेबात तमाले भरले जातात. त्याच हंगामाच्या आधी मी आठ इंची, बिडाचा टॉर्टिया प्रेस घेतला: दोन थाळ्यांमध्ये पिठाचा उंडा ठेवून दांड्यानं दाबायचा की टॉर्टिया, म्हणजे मेक्सिकन पातळ पोळी, तयार. त्यावर टॉर्टिया छान होतात, त्याबद्दल वेगळं लिहायला नको. पण तमाल्यांसाठी तो कितपत कामाचा, हे घेण्याआधी मला कुणी नीट सांगितलं नव्हतं, म्हणून हे लिहितेय.

आवरण पातळ आणि सारण भरपूर असे तमाले आवडत असतील तर जरूर घ्या. जाड, लुसलुशीत आवडत असतील तर चमच्याच्या पाठीनं पीठ पसरणंच बरं.

कारण पिठात आहे. टॉर्टियाचं पीठ घट्ट असतं: मासा हरीना म्हणजे चुन्याच्या पाण्यात शिजवलेल्या मक्याचं पीठ, पाणी आणि मीठ. तमाल्यांच्या पिठात डुकराची चरबी (आमच्याकडे वनस्पती तूप) भरपूर फेटून घालतात, वर स्टॉक आणि बेकिंग पावडर. चिमूटभर पीठ गार पाण्यात टाकल्यावर तरंगलं की ते तयार. हा हलकेपणा फेटताना आत कोंडलेल्या हवेचा असतो. प्रेसचा दांडा टॉर्टियासारखा पूर्ण दाबला तर ती हवा निघून जाते आणि उकडल्यावर तमाल दडस लागतो. मी वरची थाळी अलगद टेकवते आणि दांड्यावर नुसता हात ठेवते. चार-पाच मिलिमीटर जाडी राहिली की थांबायचं.

कणसाची वाळकी पानं गरम पाण्यात अर्धा-पाऊण तास भिजवून कोरडी पुसून घ्या. ओलं पान प्लॅस्टिकवर सरकतं. खाली जाड फ्रीजर पिशवीचा तुकडा, त्यावर पान गुळगुळीत बाजू वर करून, मग साधारण पन्नास ग्रॅमचा उंडा आणि वर पुन्हा प्लॅस्टिक. उंडा पानाच्या रुंद टोकाकडे ठेवायचा, कारण निमुळतं टोक दुमडायला मोकळं लागतं. माझ्या प्रेसमध्ये बिजागरीकडची बाजू जास्त पातळ होते, म्हणून पान अर्धं फिरवून पुन्हा एकदा हलकं दाबते. पान अरुंद असेल तर पीठ काठाबाहेर जातं. तेव्हा दोन पानं एकमेकांवर चढवून घ्यायची.

खरा आनंद केळीच्या पानात आहे. मेक्सिकोतल्या वाहाका राज्याकडचे तमाले असे असतात: पान आचेवरून फिरवून मऊ करायचं, पिठाचा पातळ थर, आत काळा मोले (मिरच्या-मसाल्यांचा दाट रस्सा) आणि कोंबडी, मग चौकोनी पुडी. आमच्या शेजारी वाहाकाचं कुटुंब आहे. २ फेब्रुवारीला, कॅन्डेलारिया या ख्रिस्ती सणाच्या दिवशी, त्यांच्याकडे हे तमाले असतातच. ६ जानेवारीच्या रोस्कामध्ये, म्हणजे बाहुली लपवलेल्या गोड पावात, ज्याला ती बाहुली सापडते, त्यानं कॅन्डेलारियाला तमाले द्यायचे असतात. त्या घरातल्या आजी पीठ प्रेसवरच दाबतात, आणि हे मी त्यांच्याकडून शिकले. केळीचं पान रुंद असल्यानं गोल थर त्यावर आरामात मावतो, दाबताना फाटत नाही. आम्ही आत भाजलेल्या पोब्लानो मिरचीच्या पट्ट्या आणि चीज भरतो. पातोळ्या करणाऱ्या हाताला ही पुडी बांधायला अवघड नाही.

सगळ्यांची जाडी सारखी असल्यानं सगळे एकदम शिजतात, हा मला सर्वांत मोठा फायदा वाटतो. हातानं पसरलेल्यांत एखादा मधोमध कच्चा निघायचा, ते आता होत नाही. पान पिठापासून अलगद सुटलं की उतरवायचे. थोडे असतील तर मी मोदकपात्रातच उकडते.

वेळेची बचत मात्र दोन माणसं असतील तरच होते: एकानं दाबायचं, दुसऱ्यानं भरून दुमडायचं. एकटीनं केलं तर चमच्याइतकाच वेळ जातो. शिवाय भिजलेल्या पानांचं पाणी बिडावर ठिबकतं आणि लगेच गंज धरतो. काम झालं की पुसायचं, तेलाचा हात फिरवायचा.

फक्त तमाल्यांसाठी घेणार असाल तर चौकोनी, लाकडी प्रेस बघा. कणसाचं पान त्यात नीट बसतं आणि गंजाचा प्रश्न येत नाही. माझ्याकडे टॉर्टिया रोज होतात, म्हणून मी बिडाचाच ठेवलाय.