ॲक्सोलोटलचे कल्ले आणि दुकानदाराचे खुलासे: कोल्हापुरातील एका फसवणुकीचा अनुभव

ॲक्सोलोटल या पाण्यात राहणाऱ्या उभयचर प्राण्याची तब्येत बिघडली की ते बहुधा आधी त्याच्या डोक्यामागच्या पिसांसारख्या कल्ल्यांवर दिसते, आणि ते कल्ले कसे पाहायचे हे आपल्याकडे फार थोड्यांना ठाऊक असल्यामुळे प्रत्येक लक्षणाचा उलटा अर्थ सांगून माल खपवणे दुकानदाराला सहज जमते. कोल्हापुरातल्या एका ॲक्वेरियमच्या दुकानात आमच्या बाबतीत हेच घडले. माइनक्राफ्ट या खेळात २०२१ मध्ये हा प्राणी आल्यापासून शाळकरी मुलांना त्याचे वेड लागले आहे, आमच्याकडेही मुलीच्या हट्टामुळेच तो आला, त्यामुळे असा हट्ट ज्यांच्या घरी चालू असेल त्यांनी हे जरूर वाचावे.

साडेचार हजार रुपये किंमत सांगितलेला तो फिकट गुलाबी प्राणी दुकानातल्या टाकीत दोन गोल्डफिशसोबत ठेवलेला होता. डोक्याच्या दोन्ही बाजूंना तीन-तीन कल्ले असले तरी ते पुढे, तोंडाच्या दिशेने वळलेले होते, आणि त्यांच्या दांड्यांवर दाट झालरीसारखे जे तंतू असायला हवेत ते जागोजागी तुटलेले होते. याविषयी विचारल्यावर दुकानदाराने हसून सांगितले, “काका, कल्लं पुढं घेतोय म्हंजे तुमच्याकडं बघतोय. लई हुशार जनावर हाय. आणि ही जातच आखूड कल्ल्याची.” ही दोन्ही विधाने धादांत खोटी होती. निरोगी ॲक्सोलोटलचे कल्ले बाहेरच्या बाजूला व किंचित मागे झुकलेले असतात, आणि ताजे पाणी खेळते राहावे म्हणून तो ते अधूनमधून झटकतो. कल्ले सतत पुढे वळलेले असतील, तर एकतर फिल्टरचा प्रवाह त्याला झेपत नाही किंवा पाणी खराब झाले आहे, असे समजावे. आखूड कल्ल्यांची म्हणून सांगितलेली जात तर अस्तित्वातच नाही. गोल्डफिश त्या लालसर तंतूंना खाद्य समजून कुरतडतात, एवढाच त्याचा अर्थ होता.

नवी टाकी लावल्यावर घाणीतून होणाऱ्या विषारी अमोनियाचे आधी नायट्राइटमध्ये आणि मग कमी घातक नायट्रेटमध्ये रूपांतर करणारे जिवाणू फिल्टरमध्ये तयार व्हायला साधारण चार ते आठ आठवडे लागतात, आणि तोवर प्राणी सोडायचा नसतो. “थांबायची गरज न्हाई, दुकानात चाललेला सेट स्पंज देतो,” असे म्हणून दुकानदाराने त्या (म्हणजे हे जिवाणू आधीच वाढलेल्या) फिल्टर-स्पंजचे वेगळे पैसे लावले. घरी तो स्पंज बादलीत पिळून पाहिला, तर एकदाही गढूळ पाणी निघाले नाही. वापरात मुरलेला स्पंज पिळला की तपकिरी गाळ सुटतो. हा पांढराशुभ्र होता आणि त्याच्या एका कडेला पाकिटाचा चिकट कागद तसाच राहिला होता.

पुढचा प्रकार जास्त गंभीर होता. काही दिवसांत कल्ले फिके पडले आणि प्राणी हवा घ्यायला वारंवार वर येऊ लागला. (स्वस्थ पडून असताना कल्ले थोडे फिके दिसतात आणि फुप्फुसे असल्यामुळे क्वचित वर येणेही स्वाभाविक आहे, पण दोन्ही गोष्टी एकदम आणि सतत दिसू लागल्या तर दुर्लक्ष करू नये.) यावर दुकानदाराने ‘गिल टॉनिक’ म्हणून लेबल नसलेली निळ्या द्रवाची बाटली साडेतीनशे रुपयांना दिली. बोटाला लागलेला डाग दोन दिवस जाईना, तेव्हा प्राणिशास्त्र शिकवणाऱ्या एका परिचितांना ती दाखवली. हे साधे मिथिलीन ब्ल्यू, म्हणजे एक निळे रंगद्रव्य असावे, असे त्यांचे मत पडले. बुरशीवर ते जपून, वेगळ्या भांड्यात वापरतात. चालू टाकीत ओतले तर फिल्टरमधले उपयोगी जिवाणूच मरतात, अमोनिया वाढतो आणि कल्ले आणखी खराब होतात. म्हणजे टॉनिकनेच तब्येत बिघडणार आणि बिघडली म्हणून दुसरी बाटली खपणार, अशी ती सोय होती, आणि दुसरी बाटली त्याने काउंटरवर काढूनही ठेवली होती.

आम्ही ती घेतली नाही. त्याऐवजी थेंबांचे टेस्ट किट घेऊन घरच्या टाकीसोबत दुकानातल्या टाकीचे पाणीही तपासले. अमोनिया नसेल तर नळीतले पाणी पिवळे राहते. आमचे हिरवे झाले आणि दुकानातले त्याहून गडद. दुकानातल्या टाकीचे तापमान २७ अंश निघाले. या प्राण्याचे मूळ मेक्सिको सिटीतल्या झोचिमिल्को या तलाव-कालव्यांच्या भागातल्या थंड पाण्यात आहे आणि त्याला १६ ते १८ अंश मानवते. गरम पाण्यात प्राणवायू कमी विरघळतो आणि त्याच वेळी प्राण्याची गरज वाढते, त्यामुळे कोल्हापुरातल्या एप्रिल-मे महिन्यांत पाणी थंड ठेवण्याची सोय नसेल तर तो घेऊच नये. आम्ही त्याला टाकीतून काढून थंड पाण्याच्या टबात ठेवले आणि क्लोरीन काढलेले ताजे पाणी रोज पूर्ण बदलत राहिलो. कुरतडलेले तंतू ॲक्सोलोटलला पुन्हा फुटतात, आणि आता ते फुटू लागले आहेत.

पैसे परत मागितल्यावर दुकानदाराने बिलाचा मुद्दा काढला. त्याने दिलेल्या कच्च्या चिठ्ठीवर ‘शोभेचा मासा – १’ एवढेच लिहिलेले आहे, आणि ॲक्सोलोटल हा मासा नसून उभयचर आहे. हा प्राणी ‘साइटीस’ या वन्यजीवांच्या व्यापारावरील आंतरराष्ट्रीय कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात आहे, आणि वन्यजीव संरक्षण कायद्यातल्या २०२२ च्या दुरुस्तीनंतर अशा जिवंत प्राण्यांची नोंदणी वन्यजीव खात्याकडे, केंद्र सरकारच्या परिवेश पोर्टलवर करावी लागते. विकताना “कागद लागत न्हाई” असे दुकानदार का म्हणाला आणि चिठ्ठीवर मासा का लिहिला, याचा उलगडा तेव्हा झाला. त्यामुळे पक्क्या बिलावर प्राण्याचे खरे नाव लिहून घ्यावे आणि तो कुठून आला याचा कागद मागावा. दुकानदार टाळाटाळ करू लागला तर तिथूनच परत फिरावे. आम्ही सुदैवाने पैसे यूपीआयने दिले होते. तो पुरावा, टेस्ट किटच्या नळ्यांचे फोटो आणि ती चिठ्ठी जोडून जिल्हा ग्राहक आयोगाकडे तक्रार तयार केली आहे. पाच लाखांपर्यंतच्या खरेदीच्या तक्रारीला तिथे शुल्क लागत नाही, आणि त्याआधी चौकशी करायची असेल तर १९१५ ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे.