चित्रपंखी माश्यांसाठी मोबाइलचे क्लिप-भिंग : येऊरमधील वापरानंतरचे मत

ठाणे स्थानकाजवळच्या एका दुकानातून घेतलेले, मोबाइलच्या कॅमेऱ्यावर चिमट्याने बसणारे दहापट मॅक्रो भिंग मी यंदा पावसाळाभर येऊरच्या वाटांवर वापरले. किंमत हजार रुपयांच्या आत. फुलांची आणि दवबिंदूंची छायाचित्रे बहुतेक भिंगांनी बरी येतात, म्हणून कसोटीसाठी मी चित्रपंखी माश्या निवडल्या. या माश्यांचे प्लॅटिस्टोमॅटिडी हे कुळ प्रामुख्याने उष्ण प्रदेशातले असून त्यात सुमारे 1,200 जाती आहेत. तरीही हौशी निरीक्षकांपैकी फारच थोडे त्यांच्याकडे वळतात.

पंखांवरच्या पट्ट्याठिपक्यांमुळे ही माशी सहज फळमाशी समजली जाते, कारण फळमाश्यांच्या टेफ्रिटिडी कुळातही तशीच नक्षी असते. खरा निवाडा पंखाच्या पुढच्या कडेलगतची ‘सबकोस्टा’ ही बारीक शीर करते. फळमाशीत ती टोकाशी जवळजवळ काटकोनात कडेकडे वळते आणि कडेला पोहोचण्याआधीच पुसट होते, तर प्लॅटिस्टोमॅटिडी कुळात ती सौम्य वळण घेत कडेला जाऊन मिळते. काही मिलिमीटर लांबीच्या पंखावरचा हा फरक दाखवू शकेल, त्याच भिंगाला मी उपयुक्त म्हणेन.

हे भिंग तो दाखवते, पण चौकटीच्या मध्यभागीच. कडांकडे चित्र धूसर होते आणि शिरांना जांभळट किनार येते. त्यामुळे माशी मध्यावर धरून नंतर चित्र कापून घेणे हाच मार्ग उरतो. एकापेक्षा जास्त कॅमेरे असलेल्या फोनमध्ये आणखी एक अडचण येते: वस्तू जवळ आली की फोन परस्पर दुसऱ्या कॅमेऱ्यावर जातो आणि भिंग भलत्याच काचेसमोर राहते. सेटिंगमधील ती सोय आधी बंद करावी. वेष्टनावर याविषयी एक अक्षर नाही, हे मला खटकले.

दहापट भिंगाचे नाभीय अंतर सुमारे 25 मिलिमीटर असते, म्हणजे माशीच्या तितके जवळ जावे लागते. बहुतेक माश्या तेवढ्यात उडून जातात. चित्रपंखी माश्यांना मात्र पानावर किंवा सडक्या फळावर पंख हलवत मिरवण्याची सवय असल्याने त्या पुष्कळदा एकाच जागी रेंगाळतात. हलते पंख अस्पष्ट येतात, म्हणून सलग अनेक चित्रे घ्यावीत. पंख क्षणभर थांबले असताना टिपलेल्या एखाद्या चित्रात शीर स्पष्ट मिळते. दमट हवेत काचेवर वारंवार बाष्प धरते, तेव्हा मऊ कापड खिशात हवेच.

येऊरचे जंगल संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात मोडते आणि तेथून कीटक पकडून नेणे नियमात बसत नाही. माशी टाचणीला लावून सूक्ष्मदर्शकाखाली तपासण्याचा पर्याय सामान्य निरीक्षकाकडे नसल्याने, कुळापर्यंतची ओळख छायाचित्रावरूनच पटवावी लागते. एवढ्या कामासाठी हे भिंग पैसे वसूल करते. जातीपर्यंत पोहोचण्याची अपेक्षा मात्र त्याच्याकडून ठेवू नये.

त्याच दुकानात वीसपट भिंगही मिळते. ते घेऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे. त्याचे अंतर साडेबारा मिलिमीटरांवर येते आणि फोनची सावली थेट माशीवर पडते.