तरंगते नगर रचताना : लापुटा, सौभ की त्रिपुर?

मराठीत अद्भुतकथा किंवा एखादा कल्पनाविश्वातला खेळ रचणाऱ्याला आकाशात तरंगणारे नगर हवे असेल, तर त्याच्यासमोर तीन जुने आणि भक्कम साचे आहेत : जोनाथन स्विफ्टच्या १७२६ साली प्रसिद्ध झालेल्या ‘गलिव्हर्स ट्रॅव्हल्स’च्या तिसऱ्या भागातले लापुटा बेट, महाभारताच्या वनपर्वातले शाल्व राजाचे सौभ आणि तारकासुराच्या तीन मुलांचे त्रिपुर. यांपैकी एक निवडताना मनोरे किती उंच आणि तटबंदी कशाची, याचा विचार नंतर करावा. मी आधी एकच प्रश्न विचारतो : या नगराला काय करता येत नाही? कथा त्या उत्तरातून निघते, कारण ज्या नगराला कसलीच मर्यादा नाही त्याच्याशी झगडायला कोणाला वावच उरत नाही.

या कसोटीवर लापुटा सर्वांत चोख उतरते. स्विफ्टने त्याचे माप दिले आहे : व्यास ७,८३७ यार्ड, म्हणजे सुमारे सात किलोमीटर, क्षेत्रफळ दहा हजार एकर, जाडी तीनशे यार्ड. बेटाच्या मध्यभागी खोल गुहेत विणकराच्या धोट्याच्या आकाराचा, सहा यार्ड लांबीचा लोहचुंबक वज्रकठीण आसावर बसवलेला आहे आणि तो इतका अचूक तोललेला आहे, की अगदी दुबळ्या हातानेही फिरवता यावा. त्याचे आकर्षणाचे टोक खाली केले की बेट उतरते, प्रतिकर्षणाचे टोक खाली केले की चढते, तिरपे धरले की तिरपे सरकते आणि क्षितिजाला समांतर ठेवले की जागच्या जागी थांबते. मात्र ज्या खनिजावर हा चुंबक चालतो ते फक्त राजाच्या खालच्या मुलखात, बाल्निबार्बीत आणि त्याच्या लगतच्या समुद्रात आहे. त्यामुळे बेट त्या हद्दीबाहेर जाऊ शकत नाही आणि चार मैलांहून वर चढू शकत नाही. राजाची सत्ता आणि बेटाची झेप यांची सीमा एकच आहे, आणि या एका योजनेसाठी मी स्विफ्टला मनापासून मानतो.

पाण्याची सोयसुद्धा त्याने सोडलेली नाही. बेटाचा पृष्ठभाग कडेकडून मध्याकडे उतरता असल्याने पाऊस आणि दव ओहळांवाटे चार मोठ्या तलावांत जमते, आणि दिवसा उन्हाने वाफ होत राहिल्यामुळे ते तलाव ओसंडत नाहीत. बेट एखाद्या गावावर थांबले की वरून बारीक दोऱ्या सोडल्या जातात, खालचे लोक आपले अर्ज त्यांना बांधतात आणि ते वर ओढून घेतले जातात. अन्न आणि मद्य मात्र कप्पीने चढवले जाते. ही दोरी आणि ही कप्पी ज्या लेखकाला दिसली, त्याला त्या नगराची करव्यवस्था वेगळी समजावून सांगावी लागत नाही.

बंड झाले तर राजा बेट त्या शहरावर आणून उभे करतो, ऊन आणि पाऊस अडवतो, वरून दगड टाकतो. आणि शेवटचा उपाय म्हणजे बेटच खाली आदळणे. पण तसे केल्यास बेटाचा तळ तडकण्याची भीती असते. लिंडालिनोच्या नागरिकांनी हेच दुखरे स्थान हेरून चार बुरूज बांधले, त्यांच्या माथ्यावर चुंबक बसवले आणि राजाला त्यांच्या अटी मान्य कराव्या लागल्या. हा प्रसंग सुरुवातीच्या आवृत्त्यांत नव्हता. तो १८९९ मध्ये प्रथम छापला गेला. ज्याच्या कथेचा विषय राज्यकारभार, शोषण किंवा बंड आहे, त्याने दुसरीकडे पाहू नये.

सौभाचे बलस्थान निराळे आहे. भागवताच्या दहाव्या स्कंधात शाल्व रोज मूठभर धूळ खाऊन वर्षभर तप करतो, शंकराकडून वर मिळवतो आणि मयासुर त्याला हे लोखंडी नगर घडवून देतो. ते कधी एक दिसते, कधी अनेक, कधी दिसतच नाही. कधी जमिनीवर, कधी पाण्यावर, कधी डोंगरमाथ्यावर, कोलतीच्या चक्रासारखे गरगरत. इच्छेनुसार जाणाऱ्या या नगराला चुंबक नाही, हद्द नाही आणि माझ्या कसोटीवर हाच त्याचा कच्चा दुवा आहे, कारण अशा नगराचा शेवट करायला थेट श्रीकृष्णच लागतो.

तरीही सौभ सोडून देऊ नये, कारण महाभारताने ते खालून पाहिले आहे. शिशुपालाच्या वधाचा सूड म्हणून शाल्व द्वारकेवर चालून येतो तेव्हा श्रीकृष्ण नगरीत नसतो. तेवढ्या काळात द्वारकेत जी तयारी होते तिचे वर्णन कोणत्याही अद्भुतकथाकाराने मुळातून वाचावे : सुरापानावर बंदी घातली जाते, नट-नर्तकांना नगराबाहेर पाठवले जाते, पूल तोडले जातात, नावा अडवल्या जातात, भोवतालची कोसभर जमीन उंचसखल केली जाते आणि मुद्रेवाचून कोणाला आत सोडत नाहीत की बाहेर जाऊ देत नाहीत. पुढे श्रीकृष्ण स्वतः युद्धाला निघतो, तेव्हा सौभ कोसभर उंचीवर आकाशाला चिकटल्यासारखे राहते. त्याच्या सैन्याला तिथवर पोहोचता येत नाही आणि सैनिक रंगभूमीपुढच्या प्रेक्षकांसारखे खाली उभे राहून नुसता जयघोष करतात. डोक्यावर शत्रूचे नगर असताना माणसाची जी असहायता होते, ती या एका उपमेत पुरती उतरली आहे. अखेर सुदर्शन चक्र, करवतीने लाकूड चिरावे तसे, सौभाचे दोन तुकडे करते.

त्रिपुराबद्दल थोडक्यात सांगतो, कारण त्याचा उपयोग मर्यादित पण नेमका आहे. कर्णपर्वातल्या कथेत सोन्याचे पुर स्वर्गात, रुप्याचे अंतरिक्षात आणि लोखंडाचे पृथ्वीवर आहे. प्रत्येक शंभर योजने लांब-रुंद. हजार वर्षांनी तिन्ही एकत्र येतील आणि तेव्हा जो एकाच बाणाने त्यांना भेदील त्याच्याच हातून त्यांचा नाश होईल, असा वर आहे. इथे मर्यादा जागेची नसून वेळेची आहे. ज्याला कथेला एका ठरलेल्या क्षणाकडे ओढत न्यायचे आहे, त्याच्यासाठी हा साचा उत्तम. मराठी वाचकाला तो क्षण समजावून द्यावा लागत नाही, हा आणखी एक लाभ : कार्तिकातल्या त्रिपुरी पौर्णिमेला देवळापुढची दीपमाळ उजळताना त्याने तो लहानपणापासून पाहिलेला असतो. अडचण एवढीच, की त्या नगरांत माणसे दिवसभर काय करतात हे कथेत फारसे येत नाही. मेलेल्या असुरांना पुन्हा जिवंत करणारा तलाव सोडला तर तिथल्या रोजच्या जगण्याचे चित्र लेखकालाच रंगवावे लागेल.

पहिलीच कथा लिहिणाऱ्याला माझा सल्ला असा, की यंत्रणा लापुटाची घ्यावी आणि नजर द्वारकेची. नगर कुठवर जाऊ शकते याचा नकाशा आधी काढावा, त्याच्या सावलीत येणारी दोन-तीन गावे ठरवावीत, आणि पहिले प्रकरण वरच्या राजवाड्यात सुरू न करता, वेशीवर मुद्रा तपासणाऱ्या पहारेकऱ्याजवळ सुरू करावे, ज्याच्या अंगणातले ऊन भरदुपारी एकाएकी नाहीसे झाले आहे.