कार्बन क्रेडिट, सौर भाडेपट्टा की बांबू? शेतकरी कंपनीने सही करण्यापूर्वी

शेतकरी उत्पादक कंपन्यांच्या संचालक मंडळापुढे हल्ली ‘हरित उत्पन्ना’चे तीन प्रस्ताव फिरून फिरून येतात. पहिला, सभासदांच्या बांधावर आणि पडीक तुकड्यांवर झाडं लावून कार्बन क्रेडिट विकण्याचा. दुसरा, हलकी जमीन सौर प्रकल्पाला भाड्याने देण्याचा. तिसरा, बांबू लावून तो बायोमास, म्हणजे वनस्पतीचं जळण, म्हणून औष्णिक वीज केंद्रांना किंवा कारखान्यांच्या बॉयलरला घालण्याचा. तिन्हींमागचा दावा एकच: हवामान बदल रोखण्याचं काम बाजार करेल आणि त्यातला वाटा शेतकऱ्याला मिळेल.

आमचं मत आधीच सांगतो. जिथे माल मीटरवर मोजला जातो आणि तो घेण्याचं बंधन कुणावर तरी कायद्याने असतं, तिथे हा बाजार चालतो. जिथे मोजमाप अंदाजावर आहे आणि खरेदीदार राजीखुशीचा आहे, तिथे शेतकऱ्याने आपली जमीन तीस-तीस वर्षं अडकवू नये. आता एकेकाचा हिशोब.

कार्बन क्रेडिट

एक क्रेडिट म्हणजे एक टन कार्बन डायऑक्साइड हवेतून काढल्याचा किंवा हवेत जाऊ न दिल्याचा दाखला. झाडाच्या कोरड्या वजनात सुमारे ४७ टक्के कार्बन धरतात आणि १ किलो कार्बन म्हणजे ३.६७ किलो कार्बन डायऑक्साइड. दहा वर्षांच्या झाडाचं मुळांसकट कोरडं वजन २०० किलो भरलं, तर त्याने साधारण ३४५ किलो कार्बन डायऑक्साइड धरून ठेवला. म्हणजे एका क्रेडिटला तीन झाडं आणि दहा वर्षं लागली.

एकरी १०० झाडं जगली असं धरू. दहा वर्षांत ३४.५ टन. झाडं जळाली, वठली, तुटली तर भरपाई म्हणून नोंदणी संस्था काही क्रेडिट राखीव ठेवते. तो भाग २० टक्के धरला तर विक्रीला उरले २७.६. दर ८०० रुपये आणि शेतकऱ्याचा वाटा ६० टक्के मानला तर हाती येतात १३,२५० रुपये. हे दहा वर्षांचे. एकरी वर्षाला १,३२५. आणि १०० पैकी ४० रोपं पहिल्या दोन उन्हाळ्यांत मेली आणि त्यांच्या जागी नवी लावून नांगे भरले नाहीत, तर हेच ८०० रुपयांच्या आत येतं. दर दुप्पट धरून पाहा, वाटा ७५ टक्के धरून पाहा, एकरी वर्षाला साडेतीन हजारांच्या आतच राहतं. प्रस्तावात एकरी वर्षाला दहा-पंधरा हजार लिहिले असतील तर किती झाडं, किती वजन आणि कोणता दर धरला आहे, ते लेखी मागा.

पैसा यायला वेळही लागतो. आधी प्रकल्प आराखडा, मग त्रयस्थ संस्थेकडून तपासणी, वेरा किंवा गोल्ड स्टँडर्डसारख्या संस्थेकडे नोंदणी, झाडांची वाढ मोजणं, पुन्हा त्रयस्थ पडताळणी, मग क्रेडिट आणि मग विक्री. तिसऱ्या ते पाचव्या वर्षाआधी रक्कम दिसेल असं धरू नका. रोपं, खड्डे, काटेरी कुंपण आणि टँकरचं पाणी मात्र पहिल्याच वर्षी लागतं. तो खर्च कोण करणार, हे करारातलं खरं कलम.

नाव नोंदवूनही शेत बाद होण्याची कारणं ठरलेली आहेत. क्रेडिटच्या पैशाशिवायही जी झाडं लागलीच असती, ती धरली जात नाहीत. त्यामुळे जुनी आमराई सहसा बसत नाही आणि सरकारी अनुदानावर पूर्ण झालेल्या लागवडीबद्दल प्रश्न निघतो. मागच्या १० वर्षांत नैसर्गिक झाडी तोडून मोकळी केलेली जमीन चालत नाही. एकच गट नंबर दोन कंपन्यांच्या यादीत निघाला तर दोन्हीकडे अडकतो. गावात दोन प्रतिनिधी फिरत असतील तर हे हमखास होतं, म्हणून सभासदांच्या गट नंबरांची एक यादी कंपनीच्या दप्तरात ठेवा.

मोजमापाची अडचण सगळ्यात मोठी. माणूस टेप घेऊन जमिनीपासून १.३ मीटरवर खोडाचा घेर घेतो, त्यावरून व्यास काढतो आणि सूत्रात घालतो. त्या सूत्रात वजन व्यासाच्या साधारण अडीचाव्या घाताने वाढतं. म्हणजे व्यास १० टक्के जास्त लिहिला गेला तर वजन २५ टक्क्यांहून अधिक फुगतं. टेप तिरका लागला, गाठीवर लागला, नमुन्याला जोमदार झाडंच निवडली गेली, एवढ्याने क्रेडिट खोटं ठरायला पुरतं.

जमिनीतल्या सेंद्रिय कर्बावर क्रेडिट देणारे प्रस्ताव तर आणखी नाजूक. वरच्या ३० सेंटिमीटर थरात एकरी सुमारे १,५८० टन माती असते. कर्ब ०.४ वरून ०.५ टक्के झाला, तर एकरी १.६ टन कार्बन, म्हणजे ५.८ क्रेडिट. वरच्याच राखीव भागाने, दराने आणि वाट्याने सव्वादोन हजार रुपये, तेही अनेक वर्षांच्या मेहनतीचे. शेणखत, हिरवळीचं खत, पाचट कुजवणं जरूर करा, पण ते मातीसाठी आणि ओल टिकण्यासाठी. क्रेडिटचा दर त्या मेहनतीला पुरा पडत नाही.

खरेदीदार कोण?

महाराष्ट्राने कार्बनचा बाजार जवळून पाहिला आहे. क्योटो कराराखालच्या स्वच्छ विकास यंत्रणेत, म्हणजे विकसनशील देशांतल्या प्रकल्पांचे क्रेडिट श्रीमंत देशांना विकण्याच्या व्यवस्थेत, भारतातल्या पवनचक्क्यांनी भरपूर क्रेडिट मिळवले. २००८ च्या सुमारास या क्रेडिटचा दर २० युरोच्या वर गेला होता आणि २०१२ संपताना तो एका युरोच्याही खाली आला. पवनचक्क्या फिरतच होत्या. फक्त युरोपने मागणीला मर्यादा घातली आणि पुरवठा साचला. पुढे एका अभ्यासात असं दिसलं की भारतातल्या पवन प्रकल्पांना मिळालेल्या क्रेडिटपैकी निदान ५२ टक्के अशा प्रकल्पांना गेले जे त्याविनाही उभे राहिलेच असते. हवामानाच्या दृष्टीने ती कपात झालीच नव्हती, आणि त्या दाखल्यांच्या आधारे दुसरीकडे धूर सोडला गेला.

याउलट युरोपचा स्वतःचा उत्सर्जन बाजार. त्यात कारखान्याला सोडलेल्या दर टन कार्बन डायऑक्साइडमागे एक परवाना लागतो. २००५ मध्ये तो सुरू झाला तेव्हा परवाने इतके सढळ वाटले गेले की २००७ मध्ये दर शून्याजवळ पोचला. मग मर्यादा आवळली, जादा परवाने बाजूला काढणारी राखीव व्यवस्था २०१९ पासून लागू केली, आणि २०२३ च्या फेब्रुवारीत दर १०० युरोला भिडला. त्या क्षेत्रांतलं उत्सर्जन २०२३ पर्यंत २००५ च्या तुलनेत सुमारे ४७ टक्क्यांनी घटलं. बाजार तोच, माणसं तीच. फरक पडला तो परवान्यांची संख्या कायद्याने कमी होत गेल्यामुळे आणि चिमणीतून काय गेलं हे दाखवणं कारखान्यांवर बंधनकारक असल्यामुळे.

भारताने २०२३ मध्ये कार्बन क्रेडिट व्यापार योजना अधिसूचित केली. तिच्यात सिमेंट, अॅल्युमिनियमसारख्या उद्योगांना उत्पादनाच्या दर टनामागे उत्सर्जन घटवण्याचं लक्ष्य आहे. ही दिशा योग्य आहे. पण त्या उद्योगांनी तुमच्या बांधावरच्या झाडांचीच क्रेडिट घ्यावीत असं बंधन कुणावर नाही. शेतकऱ्याचा गिऱ्हाईक अजून बहुतांशी परदेशी कंपन्यांच्या स्वेच्छेवर उभा आहे, आणि ती स्वेच्छा एका वादग्रस्त बातमीने आटते. झिम्बाब्वेतल्या करिबा जंगल प्रकल्पावर आक्षेप आल्यावर २०२३ मध्ये तो विकणारी कंपनीच बाहेर पडली. मागे राहिली ती तिथली गावं.

सौर भाडेपट्टा

मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजना २.० मध्ये खाजगी जमिनीला हेक्टरी वर्षाला १,२५,००० रुपये भाडं आहे, म्हणजे एकरी सुमारे ५०,०००. सरकारी मूल्यांकनाच्या ६ टक्के रक्कम त्याहून जास्त भरत असेल तर ती. जमीन ३ ते ५० एकर सलग आणि वीज उपकेंद्रापासून ५ किलोमीटरच्या आत लागते. कोरडवाहू सोयाबीन-तुरीच्या मुरमाड रानात खर्च वजा जाता एकरी ५० हजार हाती राहणं दुर्मीळच. त्यामुळे पहिल्या दहा वर्षांपुरता हा व्यवहार उघड फायद्याचा आहे.

पुढचं नीट वाचा. भाड्यात दरवर्षी ३ टक्के वाढ आहे, पण ती मूळ भाड्यावर सरळ पद्धतीने, चक्रवाढीने नाही. एकरी दरवर्षी १,५०० रुपये वाढतात. तिसाव्या वर्षी भाडं होतं ९३,५००. महागाई सरासरी ५ टक्के धरली तर त्या ९३,५०० ची किंमत आजच्या पैशात २३ हजारांच्या आत भरते. हे माहीत असून सही करणं वेगळं. पहिली काही वर्षं येणाऱ्या रकमेतला एक हिस्सा शेजारच्या रानात विहीर, शेततळं किंवा फळबाग उभी करायला वापरला तरच ही घसरण भरून निघते.

आता हवामानाचा हिशोब. १ मेगावॉटला साधारण ४ एकर लागतात आणि वर्षाला सुमारे १५.७ लाख युनिट वीज निघते. देशाच्या ग्रिडवर दर युनिटला सुमारे ०.७ किलो कार्बन डायऑक्साइड पडतो. म्हणजे वर्षाला १,१०० टन, एकरी २७५. झाडांचा आकडा होता एकरी वर्षाला साडेतीन टन. वीज दर १५ मिनिटांनी मीटरवर नोंदली जाते, देणारा आणि घेणारा एकच आकडा पाहतात, आणि महावितरण ती दीर्घ मुदतीच्या करारावर घेतं. २०१०-११ च्या राष्ट्रीय सौर लिलावात दर युनिटला १० रुपयांच्या वर होता, २०१७ मध्ये राजस्थानात भडल्याला तो २.४४ वर उतरला. स्पर्धेने दर पाडला हे खरं. पण त्या स्पर्धेला पाया होता सरकारी निविदेचा आणि खरेदीच्या बंधनाचा.

बिघडतं ते जमिनीवर. सातबाऱ्यावर सोसायटीचा बोजा, वारस नोंद न झालेली, सहहिस्सेदार मुंबई-पुण्याला, भोगवटादार वर्ग २ ची (व्यवहाराला सरकारी परवानगी लागणारी) जमीन: यातलं एक असलं तरी प्रस्ताव रेंगाळतो, आणि सलग गटातला एक अडला की आजूबाजूचे दहा अडतात. सपाटीकरणात वरची माती निघून जाते आणि पावसाचं पाणी एकदम वाहून खालच्या शेतात घुसतं. चर कोण काढणार हे काम सुरू होण्यापूर्वी ठरवून घ्या. त्या रानावर खुरपणीला जाणाऱ्या बायांचा रोजगार जातो, त्याची भरपाई योजनेत नाही. ग्रामपंचायतीला तीन वर्षं दरवर्षी ५ लाख मिळतात, ते कुठे वापरायचे हे ग्रामसभेत मांडायला हवं.

स्वतःच प्रकल्प उभारायचा असेल तर केंद्राच्या कुसुम या सौर योजनेच्या ‘अ’ घटकात शेतकरी कंपनीलाही ५०० किलोवॉट ते २ मेगावॉटची वाट ठेवलेली होती; ती अजून खुली आहे का ते आधी विचारा. पण १ मेगावॉटला काही कोटी लागतात आणि बँक स्वतःचा हिस्सा मागते. चार वर्षांचे लेखापरीक्षित ताळेबंद नफ्यात नसतील तर त्या वाटेला जाऊ नका.

बांबू

औष्णिक केंद्रांनी कोळशात ठरावीक टक्के बायोमास मिसळावा असं केंद्राचं धोरण आहे, म्हणजे बंधनातून आलेली मागणी इथेही आहे. पहिली तोड तिसऱ्या-चौथ्या वर्षी. फसगत बहुधा वजनात होते: ताज्या तोडलेल्या बांबूत जवळपास निम्मं पाणी असतं. दर ओल्या टनाला की सुक्या, किती टक्के ओलाव्याला कपात, वाहतूक कुणाकडे, हे ठरलं नसेल तर टनाचा दर ऐकायला चांगला आणि पट्टीवर निम्मा. ५० किलोमीटरच्या आत घेणारा नसेल तर वाहतुकीच्या भाड्यातच पैसा जातो.

कुणी काय करावं

उपकेंद्राजवळ हलकी, कोरडवाहू, निर्वेध जमीन असेल तर सौर भाडेपट्टा, पण सभासदाची सगळी जमीन न घालता. बारमाही पाण्याची, ऊस-केळी-संत्र्याची जमीन कुठल्याही प्रस्तावात घालू नका. नाल्याकाठची, धुपणारी जमीन आणि जवळ खरेदीदार असेल तर बांबू. बांधावर झाडं फळासाठी, लाकडासाठी लावा. क्रेडिट आलं तर वरकड उत्पन्न, त्याच्या भरवशावर कर्ज काढू नये.

तरीही कार्बन करार करायचाच असेल तर एवढं पाहा. मुदत किती आणि झाड तोडल्यास दंड कुणाला. क्रेडिट विकताना आलेला दर शेतकऱ्याला कळणार का, की ठोक रकमेवर बोळवण. वाटा खर्च वजा जाता की एकूण विक्रीवर, कारण खर्चाचा आकडा समोरचाच लिहितो. जमीन विकली किंवा वाटणी झाली तर करार कुणावर जातो. समोरची कंपनी बुडाली तर शेतकरी आपोआप मोकळा होतो का. मराठी प्रत सह्यांची हवी. आणि वाद झाल्यास लवाद कुठे बसणार ते शेवटच्या पानावर शोधा: तिथे परदेशातलं शहर लिहिलं असेल तर ते खोडून आपल्या जिल्ह्याचं ठिकाण घाला, आणि समोरचा त्याला तयार नसेल तर सही करू नका.